ॲली स्ट्रोकर : व्हीलचेअरवरून ब्रॉडवेपर्यंत



शाळेचं स्नेहसंमेलन आठवा. स्टेजवर चढायला काय असतं? तीन-चार पायऱ्या, नाहीतर बाकाला बाक लावून केलेला चढ. आपण टुणकन उडी मारून वर जातो, त्यामुळे त्या पायऱ्यांकडे आपलं कधी लक्षच जात नाही. पण ज्या मुलीला चालता येत नाही आणि जिला गायला मात्र खूप आवडतं, तिने काय करायचं?

आजचा पाठ अशाच एका मुलीचा आहे. ती अमेरिकेतली संगीत रंगभूमीवरची अभिनेत्री झाली. तिचं नाव ॲली स्ट्रोकर. चला तर मग, तिची ओळख करून घेऊया.

थोडक्यात परिचय

जन्म : 16 जून 1987, रिजवूड, न्यू जर्सी राज्य, अमेरिका
शिक्षण : नाट्यशास्त्राची पदवी, न्यूयॉर्क विद्यापीठ (2009)
ओळख : अभिनेत्री, गायिका, लेखिका
मोठा सन्मान : टोनी पुरस्कार (2019)

बालपण

ॲली दोन वर्षांची असताना तिच्या घरच्यांच्या गाडीला अपघात झाला. त्यात तिच्या मज्जारज्जूला इजा झाली. मज्जारज्जू म्हणजे पाठीच्या कण्यातून जाणारा मज्जातंतूंचा दोर. मेंदूचे निरोप हातापायांपर्यंत पोचतात ते याच वाटेने. ही वाटच तुटली तर पाय असूनही हलवता येत नाहीत. ॲलीच्या शरीराची छातीखालची हालचाल कायमची थांबली. तेव्हापासून ती व्हीलचेअर वापरते.

सात वर्षांची असताना एका सुट्टीत शेजारपाजारच्या मुलांनी अंगणातच 'ॲनी' नावाचं संगीत नाटक बसवलं. ॲनी ही त्यातली अनाथ मुलगी, म्हणजे मुख्य भूमिका. ती ॲलीला मिळाली. एक गोष्ट लक्षात घ्या. नाटक अंगणात होतं, म्हणजे जमिनीवर. तिथे चढायला पायरीच नव्हती! गाणं म्हणायचं, संवाद म्हणायचे आणि समोरच्यांनी आपल्याला ऐकायचं, हे ॲलीला इतकं आवडलं की पुढे हेच करायचं असं तिने ठरवून टाकलं.

शिक्षण

न्यूयॉर्क विद्यापीठाच्या टिश कला महाविद्यालयात तिने प्रवेश मिळवला आणि 2009 मध्ये पदवी घेतली. तिथून नाट्यशास्त्राची पदवी घेणारी, व्हीलचेअर वापरणारी ती पहिली अभिनेत्री. पहिली असणं ऐकायला छान वाटतं, पण पहिल्या माणसाला वाट विचारायला पुढे कोणीच नसतं. चालत फिरणारा नट रंगमंचावर कसा वावरतो हे शिकवायला शिक्षक असतात. खुर्चीवरून कसं वावरायचं हे मात्र तिला स्वतःच शोधावं लागलं.

2012 मध्ये 'द ग्ली प्रोजेक्ट' या दूरदर्शन स्पर्धेत ती अंतिम फेरीपर्यंत पोचली. तिचं पहिलं बक्षीस हुकलं. तरी पुढच्याच वर्षी 'ग्ली' या मालिकेत तिला पाहुणी भूमिका मिळाली.

ब्रॉडवे म्हणजे काय?

ब्रॉडवे हा न्यूयॉर्क शहरातला एक मोठा रस्ता. त्या परिसरात सुमारे चाळीस मोठी नाट्यगृहं आहेत, म्हणून तिथल्या व्यावसायिक रंगभूमीलाच 'ब्रॉडवे' म्हणतात. तिथली संगीत नाटकं म्हणजे संवाद, गाणं आणि नाच यांचा मेळ. आपल्या संगीत नाटकात नट एका जागी उभा राहून किंवा बसून पद रंगवू शकतो. तिथे मात्र गाता गाता नाचावंही लागतं. त्यामुळे व्हीलचेअरवरची अभिनेत्री तिथे कशी चालणार, असंच अनेकांना वाटत असणार.

2015 मध्ये 'स्प्रिंग अवेकनिंग' हे संगीत नाटक ब्रॉडवेवर नव्याने आलं. ते डेफ वेस्ट या संस्थेने बसवलं होतं. त्यात ऐकू न येणारे आणि ऐकू येणारे कलाकार एकत्र होते. काही जण हातांच्या खुणांच्या भाषेत गाणं 'म्हणायचे' आणि त्यांच्या सोबतीला दुसरा कलाकार आवाज द्यायचा. या नाटकात ॲलीने ॲनाची भूमिका केली. ब्रॉडवेच्या रंगमंचावर काम करणारी, व्हीलचेअर वापरणारी ती पहिली कलाकार ठरली.

'ओक्लाहोमा!' आणि टोनी पुरस्कार

'ओक्लाहोमा!' हे रॉजर्स आणि हॅमरस्टीन या जोडीचं 1943 सालचं गाजलेलं संगीत नाटक. 2019 मध्ये दिग्दर्शक डॅनियल फिश यांनी ते ब्रॉडवेवर वेगळ्या पद्धतीने आणलं. त्यात ॲली झाली ॲडो ॲनी. ही ॲनी खेळकर आणि बिनधास्त. कुणाला 'नाही' म्हणणं तिला जमतच नाही आणि त्यातून सगळे घोटाळे होतात.

इथे जरा थांबून विचार करा. नाटकात ॲडो ॲनी दिव्यांग असल्याचा कुठेही उल्लेख नाही. ती बिचारी नाही, तिच्यावर कोणी दया करत नाही. ॲली खुर्ची गरकन फिरवत, रंगमंचभर धावत गायची आणि प्रेक्षक हसायचे ते ॲनीच्या खोड्यांना. दिव्यांग कलाकाराला फक्त दुःखी दिव्यांगाचीच भूमिका द्यायची, ही सवय तिने मोडली.

9 जून 2019 रोजी न्यूयॉर्कच्या रेडिओ सिटी म्युझिक हॉलमध्ये टोनी पुरस्कारांचा सोहळा झाला. टोनी हा अमेरिकन रंगभूमीवरचा सर्वांत मानाचा पुरस्कार, 1947 पासून दिला जाणारा. संगीत नाटकातील सर्वोत्कृष्ट साहाय्यक अभिनेत्रीचा पुरस्कार ॲलीला मिळाला. व्हीलचेअर वापरणाऱ्या कलाकाराला टोनी मिळण्याची ही पहिलीच वेळ. भाषणात तिने तो पुरस्कार, टीव्हीवर कार्यक्रम बघणाऱ्या आणि आपल्यासारखं कोणीतरी तिथे दिसावं म्हणून वाट पाहणाऱ्या दिव्यांग मुलांना अर्पण केला.

बाकीचे कलाकार नाव पुकारल्यावर आपल्या जागेवरून उठून पायऱ्या चढून वर जात होते. ॲली मात्र आधीपासून पडद्यामागेच थांबली होती. कारण प्रेक्षागृहातून रंगमंचावर जायला रॅम्पच नव्हता!

नंतर पत्रकारांशी बोलताना तिने एक महत्त्वाचा मुद्दा मांडला. प्रेक्षक बसतात तो भाग अनेक नाट्यगृहांनी सर्वांसाठी सोयीचा केला आहे, पण पडद्यामागची बाजू तशी नाही. म्हणजे काय, तर दिव्यांग माणूस नाटक बघायला येईल असं आपण गृहीत धरतो. तो नाटक करायला येईल असं आपल्या मनातच येत नाही.

माझा अनुभव

हे वाचलं आणि मला माझीच चूक आठवली. माझ्या वर्गात व्हीलचेअर वापरणारी एक मुलगी होती, गोड गळ्याची. संमेलनात समूहगीत होतं. मी तिला खाली पहिल्या रांगेत बसवलं, म्हटलं, "बाळा, इथून तुला छान दिसेल हं." मला वाटलं, मी तिची सोय केली. प्रत्यक्षात मी तिला प्रेक्षक करून टाकलं होतं.

शिक्षण हक्क कायद्यात शाळेची इमारत अडथळाविरहित असावी असं म्हटलं आहे. आमच्या शाळेला रॅम्प आहेच. तो वर्गापर्यंत जातो, स्टेजपर्यंत नाही.

पुढच्या वर्षी आम्ही स्टेजच बांधलं नाही. मैदानावर सतरंज्या टाकल्या, पालक तिन्ही बाजूंनी बसले. समूहगीताच्या मधोमध तिची खुर्ची होती. मंडपवाल्याचे पैसे वाचले ते वेगळेच!

पुढचा प्रवास

पुरस्कार मिळाला म्हणून ॲली थांबली नाही. 2021 मध्ये तिने एका लेखिकेसोबत मुलांसाठी 'द चान्स टू फ्लाय' ही कादंबरी लिहिली. त्यातली तेरा वर्षांची नॅट व्हीलचेअर वापरते आणि संगीत नाटकांची वेडी आहे. 2022 मध्ये न्यूयॉर्कच्या सेंट्रल पार्कमध्ये झालेल्या शेक्सपियरच्या 'रिचर्ड तिसरा' नाटकात तिने लेडी ॲनची भूमिका केली.

मित्रांनो, ॲलीच्या जिद्दीचं कौतुक तर करायचंच. पण जिद्द तिच्याकडे सात वर्षांची असल्यापासून होती. कमी होता तो रॅम्प, आणि तो तिने नाही, इतरांनी बांधायचा होता.

स्वाध्याय

1. मज्जारज्जूचे काम तुमच्या शब्दांत सांगा.
2. ॲलीने अंगणातल्या नाटकात सहज काम केले, पण पुरस्कार सोहळ्यात तिला पडद्यामागे का थांबावे लागले?
3. 'बघायला येणे' आणि 'करायला येणे' यांतला फरक ॲलीच्या उदाहरणाने स्पष्ट करा.
4. उपक्रम : तुमच्या शाळेत फिरा. व्हीलचेअर जिथे पोचू शकत नाही अशा जागांची यादी करा आणि ती मुख्याध्यापकांना द्या. यादीत स्टेज लिहायला विसरू नका!