माहेरचं नाव टॅक्सॉल

ये, आत ये. चप्पल राहू दे तिथंच. आधी पाणी घे, मग चहा टाकते. फाईल आणलीस ना? काढ बाहेर, पण लगेच उघडू नको. आधी माझं ऐक.

काल फोनवर तू म्हणालीस, "ताई, लाल औषध संपलं, सोमवारपासून पांढरं." मी विचारलं, "पांढऱ्याचं नाव काय?" तर तू गप्प. अगं, रागावून नव्हतं विचारलं. माझ्या वेळी मीही असंच बोलायचे. वॉर्डातल्या सगळ्याच बाया लाल आणि पांढरं म्हणतात. लाल म्हणजे डॉक्सोरुबिसिन. त्याचा रंगच तसा, लघवीसुद्धा लालसर होते, म्हणून ते लक्षात राहतं. पण पांढरं? सलाईनची प्रत्येक बाटली पांढरीच असते, बाई.

माझं काय झालं ते सांगते. पांढऱ्याचा तिसरा आठवडा होता. नागपूरहून एसटीनं परतले, वर्धा, देवळी, कळंब करत रात्री यवतमाळात. दोन दिवसांनी ताप भरला. तुझे भाऊजी घाबरून जवळच्या दवाखान्यात घेऊन गेले. तिथल्या तरुण डॉक्टरांनी पहिलं विचारलं, कोणतं औषध चालू आहे? मी म्हटलं, किमो. ते म्हणाले, कोणती? भाऊजी म्हणाले, पांढरी. फाईल घरीच राहिलेली. रात्री साडेअकरा वाजता पोरगा सायकल मारत घरी गेला, फाईल आणली, आणि मगच पुढची हालचाल झाली. तो पाऊण तास मी कधी विसरणार नाही. माझ्या अंगात काय सोडलंय, तेच मला सांगता येत नव्हतं.

आपल्या जिल्ह्यानं हे याआधीही भोगलंय. 2017 चा खरीप आठवतो ना? कपाशीवर फवारणी करताना विषबाधा झाली, वीसहून जास्त माणसं गेली, शेकडो दवाखान्यात. दोन-तीन औषधं एकत्र कालवून फवारलेली, आणि नेमकं कोणतं ते सांगायला शुद्धीवर कोणी नाही. बाबा तेव्हापासून कीटकनाशकाचा डबा आणला की चष्मा लावून आधी बारीक अक्षरं वाचतात. कंपनीनं दिलेलं मोठं रंगीत नाव वेगळं, आणि खाली घटकाचं, ज्याला ते 'टेक्निकल' म्हणतात, ते नाव वेगळं. "मोठं नाव दुकानदारासाठी," ते म्हणतात, "बारकं नाव डॉक्टरासाठी." किमोच्या बाटलीलाही हेच लागू.

आता उघड फाईल. हे बघ, इथं. वाच मोठ्यानं. पॅक्लिटॅक्सेल. पुन्हा एकदा. पॅक-ली-टॅक-सेल. जीभ वळेल चार दिवसांत. सिस्टर मंडळी नुसतं 'पॅक्ली' म्हणतील, जुने डॉक्टर 'टॅक्सॉल' म्हणतील, बिलावर कंपनीचं तिसरंच काही असेल. आपल्या मुलीचं सासरी नाव बदलतं ना, ताटातल्या तांदळात अंगठीनं नवं नाव लिहितात, तसंच याचं झालंय. टॅक्सॉल हे त्याचं माहेरचं नाव.

माहेर कुठलं, सांगते. अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्याकडच्या जंगलात यू नावाचं सूचिपर्णी झाड असतं. लॅटिनमध्ये यूला टॅक्सस म्हणतात. आपल्या हिमालयातही त्याचा भाऊबंद आहे, गढवालकडे त्याला थुनेर म्हणतात. 1962 साली वॉशिंग्टन राज्यातल्या जंगलातून त्याची साल सरकारी वनस्पतितज्ज्ञानं गोळा केली, आणि ती तपासायला नॉर्थ कॅरोलायनातल्या एका संशोधन संस्थेत गेली. तिथं दोघं होते. एक मन्रो वॉल, आणि दुसरे मनसुख वाणी. हे वाणी आपल्या नंदुरबारात जन्मलेले, 1925 साली! मुंबई विद्यापीठात शिकले, मग अमेरिकेत गेले. मला हे कळलं तेव्हा सलाईन चालू होती, आणि खरं सांगते, मला बरं वाटलं. सातपुड्याच्या पायथ्याशी जन्मलेल्या माणसाचा हात या बाटलीला लागलाय, असं वाटून परकेपणा जरा कमी झाला.

त्या सालीतला गुणकारी पदार्थ नेमका कसा आहे, याचा पुरता पत्ताही लागला नव्हता, तेव्हाच वॉल यांनी त्याला नाव दिलं. टॅक्ससमधला म्हणून 'टॅक्स', आणि अल्कोहोलच्या जातीच्या रसायनांना शेवटी 'ऑल' लावतात म्हणून टॅक्सॉल. बस, एवढाच अर्थ. यूच्या झाडातलं एक अल्कोहोल. अल्कोहोल म्हणजे दारू नव्हे हं, घाबरू नको, रसायनशास्त्रातली ती एक मोठी जात आहे. 1971 मध्ये त्यांनी त्याची रचना छापली. वीस-एकवीस वर्षं मग चाचण्यांत गेली. 1992 च्या डिसेंबरात अमेरिकेनं अंडाशयाच्या कॅन्सरसाठी त्याला परवानगी दिली, 1994 मध्ये आपल्या या स्तनाच्या आजारासाठी.

आणि नाव बदललं ते याच काळात. ज्या कंपनीनं ते बाजारात आणलं तिनं 'टॅक्सॉल' हा शब्द आपला ट्रेडमार्क करून घेतला. इतकी वर्षं शास्त्रज्ञ जे नाव लिहीत होते, ते एका कंपनीचं झालं. औषधाला मग सगळ्यांनी वापरायचं दुसरं नाव लागलं, ते हे पॅक्लिटॅक्सेल. अनेक संशोधकांना ते खटकलं होतं, आणि मलाही ते बरोबर वाटत नाही. पण आज आपल्या कामाचं नाव पॅक्लिटॅक्सेलच. कंपन्या बदलतील, आज या कंपनीची बाटली, पुढच्या आठवड्यात दुसरीची. घाबरायचं नाही, बारीक अक्षरांतलं नाव तेच आहे का एवढं बघायचं. राष्ट्रीय आवश्यक औषधांच्या यादीतही ते याच नावानं आहे, त्यामुळे त्याची कमाल किंमत सरकार ठरवतं. महात्मा फुले योजनेचे कागद भरताना हेच नाव कामी येतं.

शेवटचं 'टॅक्सेल' आहे ना, ते आडनाव समज. डोसेटॅक्सेल, कॅबाझिटॅक्सेल, सगळे एकाच घरातले. पण सख्ख्या जावा असल्या तरी एकीचा संसार दुसरीच्या हाती देत नाहीत. डोसेटॅक्सेलचा डोस वेगळा, त्रास वेगळा. नुसतं 'टॅक्सेल चालू आहे' असं सांगू नको. आणखी एक, कधी नावाआधी 'नॅब' अशी अक्षरं असतात. नॅब-पॅक्लिटॅक्सेल. औषध तेच, पण ते प्रथिनाला बांधून दिलेलं असतं, आणि डोसचं गणित निराळं. तुझ्या कागदावर 'नॅब' नाही, बघितलं मी. पण वहीत तूही लिहून ठेव की नाही म्हणून.

साध्या पॅक्लिटॅक्सेलची अडचण अशी की ते पाण्यात विरघळत नाही. म्हणून ते एरंडेलात विरघळवतात. हो, आपलं एरंडेलच, पण प्रक्रिया केलेलं, आणि सोबत अल्कोहोल. सुरुवातीला काहींना जी ॲलर्जी येते तिला बरंचसं हे तेलच कारण असतं. म्हणून तुला आधी स्टेरॉइड आणि ॲलर्जीची औषधं देतील. गोळ्या घरून घ्यायला सांगितल्या असतील तर घड्याळ लावून घे, एकही चुकवू नको. तुला शुगर नाही, पण शेजारच्या खाटेवरच्या काकूंना आहे, त्यांना सांग, स्टेरॉइडनं साखर वाढते. नळीही वेगळी लावतात, कारण ते तेल साध्या नळीच्या प्लास्टिकमधले पदार्थ ओढून घेतं; तिला गाळणीही असते. पहिल्या दोन वेळी, पहिल्या काही मिनिटांत छातीत दाटलं, चेहरा तापला, पाठ दुखली, तर लाजू नको, 'थोडं थांबून बघू' म्हणू नको. लगेच सिस्टरला हाक मार. त्या सलाईन थांबवतात, औषध देतात, आणि बहुतेक वेळा नंतर हळूहळू पुन्हा सुरू करता येतं.

हे काम कसं करतं तेही ऐक. एका पेशीच्या दोन होताना तिच्या आत सुतासारखे बारीक धागे उभे राहतात, काम झालं की मोडतात. पॅक्लिटॅक्सेल ते धागे घट्ट करून ठेवतं, मोडू देत नाही. मग पेशी अडकते आणि मरते. न्यूयॉर्कच्या सुझन हॉर्विट्झ यांनी हे 1979 मध्ये दाखवलं. कॅन्सरच्या पेशी भराभर वाढतात म्हणून त्या जास्त सापडतात. पण केसांची मुळंही भराभर वाढतात, म्हणून केस जातात. येतात गं परत. माझे बघ. आणि नसांनाही ते धागे लागतात, म्हणून हातापायांना मुंग्या येतात. ब्लाउजचं हुक लावता येईना, पायातली चप्पल निसटली तरी कळेना, असं झालं तर ते 'अशक्तपणा' म्हणून गिळू नको. डॉक्टरांना सांग, ते डोस कमी करू शकतात. मी तीन आठवडे सांगितलं नाही. अजूनही डाव्या पायाची बोटं बधिर आहेत.

आता जे सगळ्यात मनापासून सांगायचंय ते. "झाडाचंच औषध आहे ना, मग पाल्याचा रस का नाही?" असं म्हणणारी माणसं तुझ्याकडे येतील. माझ्याकडेही आली, प्रेमानं आली. अंगणातली सदाफुली घेऊन आली. सदाफुलीतूनही कॅन्सरचं औषध निघतं, खरं आहे. व्हिनक्रिस्टीन. लहान मुलांच्या रक्ताच्या कॅन्सरमध्ये त्यानं फार मोठा फरक पडलाय. पण ते टनावारी पाल्यातून ग्रॅमच्या मापात निघतं, मिलिग्रॅममध्ये मोजून शिरेतच देतात. पाल्याच्या रसात किती आलं, कोण मोजणार? यूचं तर जवळजवळ सगळं झाड विषारी. टॅक्सॉलचा एक किलो काढायला सुमारे दहा हजार किलो साल लागायची, जंगलंच संपायची वेळ आली, म्हणून मग युरोपातल्या यूच्या पानांपासून आणि प्रयोगशाळेत वाढवलेल्या पेशींपासून ते बनवू लागले. झाडापासून बाटलीपर्यंत एवढं अंतर आहे. कोणी पाला आणला तर त्यांना चहा पाज, पाला बाजूला ठेव. आणि काही घेतलंच असेल चुकून, तर डॉक्टरांपासून लपवू नको. ते ओरडले तरी चालतील.

ताप शंभरच्या पुढे, शंभर पॉइंट चारला गेला, की रात्र असो, पाऊस असो, निघायचं. पांढऱ्या पेशी उतरलेल्या असतात, सकाळची वाट बघायची नाही. थर्मामीटर घरात नसेल तर जाताना माझा घेऊन जा.

ही घे वही. पोरीच्या शाळेची उरलेली आहे, शंभर पानी. पहिल्या पानावर मोठ्या अक्षरात लिही, पॅक्लिटॅक्सेल, नॅब नाही, दर आठवड्याला, बारापैकी पहिला. खाली किती मिलिग्रॅम ते सिस्टरला विचारून, तारीख, आणि नागपूरच्या दवाखान्याचा फोन. ते पान मोबाईलवर फोटो काढून तुझ्या भाऊजींना, पोराला आणि मला पाठव. आता लिही, माझ्यासमोर. चहा होतोय तोवर.