एका खोलीत अभ्यास कसा होईल?

"पोरीचं अभ्यासात लक्षच नाही," ही तक्रार कात्रजच्या वस्तीतही घरोघरी ऐकू येते. पण जरा तिच्या जागी बसून पाहा. बाहेर घाट उतरून आलेल्या ट्रकची घरघर, आत टीव्हीवर मालिका, शेजारी भावाचा मोबाईल आणि मध्येच हाक, "पाणी आलं का बघ गं!" यात दोष पोरीचा किती?

विचाराच्या दोन कामांकडे मेंदू एकाच वेळी नीट लक्ष देऊ शकत नाही. हाक आली की गणिताचा धागा तुटतो. तो पुन्हा जुळवण्यात वेळ जातो, थकवा येतो. सततच्या घरघरीची बरीचशी सवय होते. कळणारे शब्द मात्र लक्ष ओढून घेतात. रस्ता आपल्या हाती नाही, टीव्ही आहे.

बाबासाहेब शाळेत होते तेव्हा परळच्या चाळीत सारे कुटुंब एकाच खोलीत राहत होते. सुभेदार रामजी त्यांना लवकर झोपवत, स्वतः जागत आणि रात्री २ वाजता उठवत. घर निजलेले असताना रॉकेलच्या दिव्यावर अभ्यास चाले. १९०७ मध्ये बाबासाहेब मॅट्रिक झाले. आपण २ वाजता उठवायचे नाही; किशोरवयात ८ ते १० तास झोप हवी. घ्यायचे ते एवढेच, की शांत वेळ वडिलांनी मिळवून दिला.

आपल्या घरी हे करता येईल :

१. रोज ठरलेला एक तास टीव्ही बंद. सगळ्यांचे मोबाईल एका डब्यात, आईवडिलांचेही.

२. त्या तासात हाक नाही. पाणी, दुकान आधी किंवा नंतर. ही कामे मुलगा-मुलगी दोघांत वाटा.

३. सुरुवातीला ५ मिनिटे आनापानसती. मन भटकले असे कळताच श्वासावर परत आणायचे. सराव याचाच.

४. २५ मिनिटे एकच विषय, मग ५ मिनिटे पाय मोकळे करायचे. मध्येच काही आठवले तर कागदावर टिपून ठेवायचे.

५. घरी जमतच नसेल तर विहाराचा हॉल संध्याकाळी अभ्यासासाठी उघडा ठेवावा.

शिलाईचे काम घरी आणणाऱ्या आईलाही असा तास हवा.

एवढे करूनही लक्ष लागत नसेल, मूल सतत थकलेले असेल, तर रागावू नका. मनपाच्या दवाखान्यात डोळे, कान आणि हिमोग्लोबिन तपासून घ्या. रक्त कमी असले तरी लक्ष लागत नाही, आणि वयात येणाऱ्या मुलींत हे बरेच आढळते.

आज जेवताना सगळ्यांनी मिळून तो एक तास ठरवा.