फाळक्यांचा स्मृतिविचार आणि चित्रपटाची पाठचिकित्सा

स्मृती टिकवणाऱ्या साधनांचा विचार मराठी वाङ्मयाला नवा नाही. जालना जिल्ह्यातील जांब येथे जन्मलेल्या समर्थ रामदासांनी दासबोधाच्या एकोणिसाव्या दशकाच्या आरंभी लेखनक्रियेचेच निरूपण केले आहे. अक्षराचे वळण, शाई, कागद, पोथीची बांधणी अशा व्यावहारिक बाबींचा विचार तेथे येतो. विसाव्या शतकात हाच प्रश्न यंत्राच्या संदर्भात दादासाहेब फाळके (१८७०–१९४४) यांच्यापुढे उभा राहिला.

फाळक्यांचे ‘भारतीय चित्रपट’ हे लेख ‘नवयुग’ मासिकात १९१७–१८ मध्ये प्रसिद्ध झाले. ख्रिस्तचरित्रावरील चित्रपट पाहताना आपल्या मनश्चक्षूंपुढे राम आणि कृष्ण उभे राहिले, असे ते तेथे सांगतात. म्हणजे यंत्राने त्यांना नवी कथा दिली नाही. मनात पूर्वीच असलेली कथा दृश्य करण्याची शक्यता दिली. मात्र हे कथन प्रसंगानंतर काही वर्षांनी, यश मिळालेल्या निर्मात्याने केलेले आहे. ते घटनेची तत्कालीन नोंद नसून आठवणीची रचना आहे, हे अभ्यासकाने विसरता कामा नये.

लंडनहून १९१२ मध्ये परतल्यावर फाळक्यांनी ‘अंकुराची वाढ’ हा लघुपट केला. कुंडीतील वाटाण्याच्या रोपाची चित्रे अनेक दिवस ठरावीक अंतराने घेऊन ती त्यांनी सलग दाखविली. नजरेला कधीही न दिसणारी वाढ पडद्यावर क्षणात घडली. आठवणही दीर्घ काळ असाच संक्षिप्त करते. फरक इतकाच, की येथे संक्षेपाचे प्रमाण यंत्रचालकाच्या हाती आहे. पुढे ‘चित्रपट कसे तयार करतात’ (१९१७) यात त्यांनी निर्मितीची प्रक्रियाच चित्रित केली. हे प्रयोगशील वृत्तीचेच लक्षण होय.

परंतु यंत्राची स्मृतीही नश्वर ठरली. चार रिळांच्या ‘राजा हरिश्चंद्र’ (१९१३) या चित्रपटाची पहिले आणि अखेरचे अशी दोनच रिळे पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात जतन झाल्याचे सांगितले जाते. तीही मूळ चित्रपटाची नसून १९१७ मधील ‘सत्यवादी राजा हरिश्चंद्र’ या पुनर्निर्मितीची असावीत, असे मत काही संशोधकांनी मांडले आहे.

हा प्रश्न वस्तुतः पाठचिकित्सेचा आहे. मूळ प्रत नष्ट झालेली, कर्त्यानेच दुसरी सिद्ध केलेली, आणि हाती आलेले पान कोणत्या प्रतीतले हे अनिश्चित! प्राचीन पोथ्यांच्या संपादकाला ही अवस्था चांगली परिचित आहे. रिळांची तुलना आणि फाळक्यांच्या गद्याचे साक्षेपी वाचन एकत्र झाले, तरच यंत्राने काय जपले आणि माणसाने काय आठवले, यांतील भेद स्पष्ट होईल. या कामासाठी लागणारी शिस्त मराठीच्या अभ्यासकाजवळ आहे. ती चित्रपटाला लावणे हे मराठी विभागांच्या कक्षेबाहेरचे मानू नये.