हजेरीपटावरची माणसं

रोजंदारांच्या केसेस लढवता लढवता केस पांढरे झाले. मी त्यांना कायदा समजावून सांगणार होतो. झालं बरंचसं उलटंच.

1. राबलो हे सिद्ध करणं राबण्याहून अवघड असतं. रोपवाटिकेत पाणी कोण घालतं हे गावाला ठाऊक असतं, पण वर्षात 240 दिवस भरल्याचा पुरावा कामगारानेच द्यायचा, नुसतं प्रतिज्ञापत्र पुरत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने 2002 मध्ये हदिमणी प्रकरणात सांगितलं. हजेरीपट मात्र खात्याच्या कपाटात! एका माळ्याने प्लॅस्टिकच्या पिशवीतून कागदांचा गठ्ठा काढला. त्यात साहेबांच्या बंगल्यावर गुलाबाची रोपं पाठवायची चिठ्ठी होती, सहीतारखेसकट. माझ्या सगळ्या युक्तिवादापेक्षा ती जास्त बोलली.

2. नोकरीत खंड आपोआप पडत नाही, पाडला जातो. दोनशे चाळीस भरत आले की ‘उद्यापासून येऊ नको’, आणि काही दिवसांनी तोच माणूस, तीच पहार. बायका हे दिवस आमच्याआधी बोटांवर मोजून ठेवतात.

3. हेतू सिद्ध करायचा म्हटल्यावर सुरुवातीला मी घाबरायचो. महाराष्ट्राच्या 1971 च्या कायद्यात, चौथ्या अनुसूचीच्या सहाव्या बाबीत, माणसाला वर्षानुवर्षं तात्पुरता ठेवणं ही अनुचित प्रथा ठरते. मात्र त्याला कायमपणाचे लाभ मिळू नयेत हा हेतू त्यामागे असावा लागतो. साहेबाच्या मनात शिरणार कसं? वनमजुरांच्या कोंढरे प्रकरणात 1995 साली सर्वोच्च न्यायालयाने वाट मोकळी केली: इतकी वर्षं तात्पुरतं ठेवलं, यातूनच हेतू दिसतो. अशिक्षित अशील हे मला पहिल्याच भेटीत सांगून मोकळे झाले होते. ‘मुद्दामच करत्यात की वो.’

4. उमादेवीला शिव्या घालणारे खूप भेटले. तिच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या, सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाच्या 10 एप्रिल 2006 च्या निकालाने, मागच्या दाराने आलेल्यांना कायम करा असं न्यायालयांनी म्हणू नये, असं ठरवलं; मंजूर पदांवर, कोर्टाच्या आदेशाविना दहा वर्षं काढलेल्यांपुरती एकदाच सूट ठेवली. तेव्हापासून दर तारखेला समोरून तिचं नाव येतं. अशिलांना वाटायचं, ही कुणी मोठी अधिकारी असावी. ती कर्नाटकच्या वाणिज्य कर खात्यातली त्यांच्यासारखीच रोजंदार होती, आणि केस हरली होती, हे सांगितलं की सगळे गप्प होतात. एकीने विचारलं, ‘मग तिचं पुढं काय झालं?’ इतकी वर्षं तो निकाल कोळून प्यायलो, हा प्रश्न मला सुचला नव्हता.

5. जिंकल्यावरही तारीख सोडत नाही. राज्य सरकारच्या नोकरीत 1 नोव्हेंबर 2005 ला किंवा त्यानंतर आलेल्यांना सहसा जुनी पेन्शन नाही. म्हणून कायम कधीपासून, या एका ओळीवर म्हातारपण ठरतं. निकाल लागला की मी आता पेढ्यांआधी ती ओळ शोधतो.

6. कोर्टात मिळालं नाही असं उत्तर घरात मिळालं. भाचा स्पर्धा परीक्षा देतो. ‘मामा, त्या जागा आमच्यापण आहेत ना?’ म्हणाला. खरं आहे, जाहिरात, अर्ज, परीक्षा यांची समान संधी हाच उमादेवी निकालाचा कणा आहे. मी 2009 चा एसटीचा निकाल काढला, अनुचित प्रथा रोखण्याचे औद्योगिक न्यायालयाचे अधिकार शाबूत ठेवणारा. मग 2024 चा जग्गो निकाल वाचून दाखवला: उमादेवीची ढाल करून सरकारने माणसं पिळू नयेत. त्याने ऐकून घेतलं आणि विचारलं, ‘पण जाहिरात कुठंय?’ तेव्हा पुन्हा उमादेवीच उघडली. रिकामी पदं नियमित भरतीने भरा, सहा महिन्यांत सुरुवात करा, असंही, ती एकदाची सूट आहे त्याच परिच्छेदात आहे. तेवढ्या ओळी सरकारी वकिलांनी मला आजवर कधी वाचून दाखवल्या नाहीत.