सोपारा ते वसई : एका दिवसाची अभ्याससहल

शालेय सहल हा शिक्षणक्रमाचा मान्य भाग झाला त्याला आता बराच काळ लोटला. तथापि सहलीहून परतलेल्या विद्यार्थ्यांना काय पाहिले असे विचारले, तर गाडीतील गाणी, बरोबर नेलेला डबा आणि समुद्र यांपलीकडे उत्तर पुष्कळदा मिळत नाही. यात विद्यार्थ्यांचा दोष नाही. पाहिलेल्या स्थळाचा अर्थ त्यांना कोणी उलगडून दाखविलेला नसतो.

पालघर जिल्ह्यातील नालासोपारा आणि वसई ही दोन स्थळे या दृष्टीने विचारात घेण्यासारखी आहेत. एक प्राचीन बंदर, तर दुसरे पोर्तुगीजांनी तटबंदीच्या आत वसविलेले नगर. दोन्ही पश्चिम रेल्वेवर असून एका दिवसात पाहून होतात. सम्राट अशोकाच्या काळापासून पेशवाईच्या अखेरीपर्यंतचा सुमारे दोन हजार वर्षांचा इतिहास या छोट्याशा टापूत सामावला आहे. मात्र दोन्ही ठिकाणी जे उरले आहे ते थोडे आणि जे गेले ते फार. म्हणूनच येथे जाणत्या मार्गदर्शकावाचून गेलेल्या मुलांना सोपाऱ्यास विटांचा ढीग आणि वसईस पडक्या भिंती एवढेच दिसते.

प्रवासाविषयी बोलणारा शिलालेख

सोपारा म्हणजे प्राचीन शूर्पारक. महाभारतात आणि बौद्ध वाङ्मयात त्याचा उल्लेख येतो. इसवी सनाच्या पहिल्या शतकात एका ग्रीक भाषिक दर्यावर्दी व्यापाऱ्याने लिहिलेल्या ‘पेरिप्लस’ या प्रवासवर्णनात भडोचनंतरच्या बाजारपेठांत सोपारा व कल्याण यांची नावे आहेत. नाशिक, कार्ले व कान्हेरी येथील लेण्यांतील शिलालेखही या नगराची साक्ष देतात. घाटावरचा माल खाली उतरावा आणि गलबतांत भरला जावा, अशा मोक्याच्या जागी हे बंदर होते. पुढे खाडी गाळाने भरत गेली, गलबते येईनाशी झाली आणि बंदराचे वैभव ओसरले.

१८८२ मध्ये पंडित भगवानलाल इंद्रजी यांना येथील जुन्या बंदराजवळच्या तळ्याच्या परिसरात ब्राह्मी अक्षरे कोरलेला एक दगड आढळला. तो अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा तुकडा निघाला. १९५६ मध्ये जवळच्या भुईगाव येथे अशोकाच्या आणखी एका लेखाचा तुकडा मिळाला. त्यावरून अशोकाच्या लेखांचा संपूर्ण संच या बंदरात कोरलेला असावा, असे अनुमान निघते.

सोपाऱ्याच्या तुकड्यावर लेखाचा थोडाच भाग शिल्लक असला, तरी गिरनार व अन्य ठिकाणच्या प्रतींवरून त्याचा पूर्ण आशय ज्ञात आहे. सहलीला निघालेल्या प्रत्येक शिक्षकाने तो ध्यानात घ्यावा असा आहे. पूर्वीचे राजे शिकारीसाठी व करमणुकीसाठी विहारयात्रा करीत. अशोकाने राज्याभिषेकाच्या दहाव्या वर्षी संबोधीस, म्हणजे बोधगयेस जाऊन धर्मयात्रेस आरंभ केला. या यात्रेत श्रमण, ब्राह्मण व वृद्ध यांची भेट घ्यावी, त्यांना दान द्यावे, जनपदातील लोकांना भेटावे, त्यांना धर्म सांगावा आणि त्याविषयी विचारपूसही करावी, असे त्या लेखात म्हटले आहे. सहलीने काय करावे याचे उत्तर अशा रीतीने सोपाऱ्याच्या दगडावरच कोरलेले होते : स्थळ पाहावे, माणसांना भेटावे आणि प्रश्न विचारावेत.

बुरुड राजाचा कोट

नालासोपारा स्थानकाच्या पश्चिमेस सोपारा गावात ‘बुरुड राजाचा कोट’ या नावाने ओळखले जाणारे टेकाड आहे. याच टेकाडाचे भगवानलालांनी १८८२ मध्ये उत्खनन केले आणि ते विटांनी बांधलेला बौद्ध स्तूप असल्याचे सिद्ध झाले. स्तूपाच्या मध्यभागी विटांच्या कोठडीत एक मोठा दगडी करंडक होता. त्याच्या आत तांब्याचा, त्यात चांदीचा, त्यात दगडाचा, त्यात स्फटिकाचा आणि सर्वांत आत सोन्याचा असे एकात एक ठेवलेले करंडक मिळाले. सोन्याच्या करंडकात मातीच्या भांड्याचे लहान लहान तुकडे होते. ते भगवान बुद्धांच्या भिक्षापात्राचे अवशेष म्हणून श्रद्धेने जपलेले असावेत, असे मानले जाते. सोबत सोन्याची फुले, सातवाहन राजा यज्ञश्री सातकर्णी याचे चांदीचे नाणे आणि सात बुद्ध व भावी बुद्ध मैत्रेय अशा आठ धातुमूर्ती होत्या.

इतिहास कसा वाचावा याचा उत्तम पाठ या एका करंडकावरून देता येतो. त्यातील नाणे इसवी सनाच्या दुसऱ्या शतकातील, तर मूर्ती घडणीवरून आठव्या-नवव्या शतकातील ठरतात. एकाच पेटीत सहा-सात शतकांचे अंतर असलेल्या वस्तू कशा आल्या, हा प्रश्न शिक्षकाने वर्गापुढे ठेवावा आणि उत्तराची घाई करू नये. स्तूप मध्यंतरी पुन्हा उघडून मूर्ती ठेवल्या असाव्यात, या निष्कर्षापर्यंत मुले बहुधा स्वतःच येतात. तेथपर्यंत पोचलेले मूल तो पाठ विसरत नाही.

मात्र या वस्तूंपैकी एकही आज स्तूपापाशी नाही. करंडक व मूर्ती मुंबईच्या एशियाटिक सोसायटीच्या संग्रहात आहेत, तर आठवा शिलालेख छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात आहे. सहलीपूर्वी त्यांची चित्रे वर्गात दाखविली नाहीत, तर रिकाम्या टेकाडापुढे मुलांना काय सांगावे असा प्रश्न पडतो. मुंबईजवळच्या शाळांनी वस्तुसंग्रहालय आधी आणि सोपारा नंतर, असा क्रम ठेवणे अधिक श्रेयस्कर.

स्तूपानंतर चक्रेश्वर महादेवाचे मंदिर पाहावे. तेथे जुन्या देवळांतील शिल्पे असून त्यांत ब्रह्मदेवाची मूर्ती विशेष लक्षणीय आहे. ब्रह्मदेवाच्या पूजेच्या मूर्ती आपल्याकडे विरळा. वसईकडे जाताना वाटेत निर्मळ हे क्षेत्र लागते. कार्तिक महिन्यात तेथे मोठी यात्रा भरते. वेळ असल्यास तेथील तळ्याकाठी दुपारचे जेवण घेता येईल.

तटबंदीतील नगर

डिसेंबर १५३४ मध्ये गुजरातचा सुलतान बहादूरशहा याने मोगलांच्या भयाने वसई व तिच्या अंकित प्रदेश पोर्तुगीजांना तहाने दिला. त्यानंतर पोर्तुगीजांनी येथे तटबंदीचे नगर उभारले आणि त्यांच्या उत्तरेकडील प्रांताचे ते मुख्य ठाणे झाले. तटाला दहा बुरूज असून, एक दरवाजा जमिनीच्या बाजूस व दुसरा खाडीच्या बाजूस आहे. तीन बाजूंनी पाणी आणि एका बाजूने जमीन अशी ही रचना आहे. शत्रू कोठून येणार आणि गलबते कोठे लागणार, हे मुलांनी तटावरून पाहून स्वतः नकाशात काढावे.

आत शिरल्यावर हा नुसता लष्करी किल्ला नव्हता हे लक्षात येते. रस्ते, चौक, बालेकिल्ला, घरांची जोती, मठ आणि चर्च यांचे हे अवशेष आहेत. खाडीच्या दरवाजाजवळील सेंट जोसेफ चर्चचा मनोरा दुरूनही ओळखता येतो. फ्रान्सिस्कन पंथीयांच्या चर्चमध्ये जमिनीवर पोर्तुगीज लेखांच्या थडग्यांच्या शिळा आहेत. जेझुइटांचे चर्च संत गोन्सालो गार्सिया यांच्या नावाने परिचित आहे. गोन्सालो मूळचे वसईचे. १५९७ मध्ये जपानमधील नागासाकी येथे त्यांना हौतात्म्य आले आणि १८६२ मध्ये त्यांना संतपद देण्यात आले.

१७३९ ची हकिगत कशी सांगावी

मार्गदर्शकाची खरी कसोटी येथे लागते. पोर्तुगीज अमलात या भागात धर्मांतरे झाली, देवळे पाडली गेली, हे ऐतिहासिक सत्य आहे. १७३७ मध्ये मराठ्यांनी साष्टी व ठाणे घेतले. १७३९ मध्ये चिमाजी अप्पांनी वसईस निकराचा वेढा दिला. जमिनीच्या बाजूने सुरुंग लावून तट फोडण्यात आला. दोन्ही बाजूंची मोठी प्राणहानी झाली आणि मे महिन्यात किल्ला शरण आला. शरणागतीनंतर शिबंदीला शस्त्रांसह व सन्मानाने निघून जाण्याची मुभा दिली गेली आणि मागे राहणाऱ्या ख्रिस्ती रहिवाशांना आपला धर्म पाळण्याची मोकळीक मिळाली. विजयाइतकाच हा भागही महत्त्वाचा आहे. तो गाळून सांगितलेली हकिगत अपुरी होय.

वसईच्या कोणत्याही वर्गात वाडवळ, कोळी, आगरी, भंडारी आणि सामवेदी ख्रिस्ती कुटुंबांतील मुले शेजारी शेजारी बसतात. घरी सामवेदी बोली बोलणारे आणि रविवारी चर्चला जाणारे मूलही या मातीचेच असते. त्याचे पूर्वज १७३९ च्या आधीपासून येथील वाड्यांत केळी आणि पानवेल पिकवीत आले आहेत. ‘त्यांचा पराभव, आपला जय’ अशा भाषेत हा प्रसंग सांगितला, तर त्या मुलाला आपण कोणाच्या बाजूचे असा प्रश्न पडतो. लढाई पोर्तुगीज सत्तेशी होती, शेजाऱ्याशी नव्हती, हे शिक्षकाने स्पष्ट शब्दांत सांगितले पाहिजे. पराक्रमाचा अभिमान त्यामुळे कमी होत नाही.

नाशिकच्या नारोशंकर मंदिरातील, वाईजवळील मेणवलीच्या घाटावरील आणि भीमाशंकर येथील घंटा याच मोहिमेची आठवण म्हणून दाखविल्या जातात. चर्चसाठी ओतलेली घंटा देवळात वाजते, या एका गोष्टीत युद्धही आहे आणि वस्तूंचा प्रवासही आहे. दोन्ही मुलांना दाखवावेत.

पुढचा इतिहास थोडक्यात सांगता येतो. १७८० मध्ये इंग्रजांनी वसई घेतली. सालबाईच्या तहान्वये ती मराठ्यांकडे परत आली. ३१ डिसेंबर १८०२ रोजी दुसऱ्या बाजीरावाने येथेच इंग्रजांशी तह केला आणि पेशवाईचे स्वातंत्र्य संपुष्टात आले. चिमाजी अप्पांनी प्राणपणाने मिळविलेल्या ठिकाणी त्रेसष्ट वर्षांनी ही सही झाली, याची जाणीव उच्च वर्गातील विद्यार्थ्यांना अवश्य करून द्यावी.

सहलीची आखणी

पावसाळा संपल्यानंतरचे व उन्हाळ्यापूर्वीचे महिने या सहलीस अनुकूल आहेत. सकाळी लवकर सोपारा व दुपारनंतर वसई असा क्रम ठेवावा. किल्ल्यात झाडी वाढलेली असल्याने पायांत बूट असावेत. पडक्या जिन्यांवर, मनोऱ्यांवर आणि भुयारी वाटांत मुलांना जाऊ देऊ नये. पिण्याचे पाणी बरोबर न्यावे. चाळीस मुलांमागे एकच मार्गदर्शक असल्यास मागच्या मुलांना काही ऐकू येत नाही. दहा-बारा जणांचे गट पाडून प्रत्येक गटास एकेक काम द्यावे : एकाने नकाशा काढावा, दुसऱ्याने विटांची मापे घ्यावीत, तिसऱ्याने थडग्यांवरील तारखा उतरवाव्यात, चौथ्याने किल्ल्यालगतच्या कोळी वस्तीतील वृद्धांना भेटून जुन्या आठवणी टिपून घ्याव्यात.

स्थानिक संस्थांचे कर्तव्य

स्तूप आणि किल्ला ही दोन्ही केंद्रीय संरक्षित स्मारके आहेत. १९५८ च्या प्राचीन स्मारकविषयक अधिनियमातील २०१० च्या दुरुस्तीनुसार संरक्षित हद्दीपासून शंभर मीटरपर्यंत नवीन बांधकामास मनाई असून, त्यापुढील दोनशे मीटरपर्यंत ते परवानगीनेच करता येते. २००९ मध्ये वसई-विरार महानगरपालिका स्थापन झाली. या परिसरातील वस्ती वेगाने वाढत आहे. अशा वेळी हद्दीचे खांब कोठे आहेत, हे लोकप्रतिनिधींना ठाऊक असणे अगत्याचे ठरते.

हे केवळ या दोन गावांपुरते नाही. महाराष्ट्रातील कित्येक गावांत वीरगळ पारावर टेकवून ठेवलेले असतात, कोरीव शिळेवर कपडे धुतले जातात आणि जुन्या विहिरीच्या बांधकामात लेखांचे दगड दडलेले असतात. ग्रामपंचायतीने गावातील अशा वस्तूंची साधी नोंदवही ठेवावी, शिक्षकांनी ती विद्यार्थ्यांकडून लिहवून घ्यावी आणि काही महत्त्वाचे आढळल्यास पुरातत्त्व विभागास कळवावे. यास खर्च जवळजवळ नाही. गावातील दोन-तीन तरुणांना स्थळाची माहिती नीट शिकविली, तर येणाऱ्या शाळांना मार्गदर्शक मिळेल आणि त्या तरुणांना थोडेफार उत्पन्नही होईल.

भगवानलाल इंद्रजी सोपाऱ्यास आले तेव्हा अशोकाचा दगड तळ्याच्या परिसरात पडून होता. जाता येता तो अनेकांनी पाहिला असेल, पण त्यावरील अक्षरे वाचता येणारा माणूस त्या दिवशी प्रथम तेथे आला. तशी दृष्टी असलेली मुले गावोगावच्या शाळांतून तयार व्हावीत, हेच अशा सहलींचे प्रयोजन होय.