पत आणि पाहणी : सिडनी वाइनबर्ग यांच्या चरित्रातील धडा

हुंडीचा व्यवहार आपल्या व्यापारी घराण्यांना नवा नाही. माल आज उचलावा, रक्कम मुदतीने द्यावी आणि मधल्या काळात देणाराने घेणाराच्या नावावर विसंबावे, अशी ही रीत आहे. न्यूयॉर्क शहरात १८६९ साली मार्कस गोल्डमन या जर्मनीहून आलेल्या ज्यू गृहस्थाने याच जातीचा धंदा आरंभिला. जवाहिरे व चामड्याचे व्यापारी यांनी लिहून दिलेल्या वचनचिठ्ठ्या तो वटाव कापून विकत घेई व बँकांना विकी. त्यातून गोल्डमन सॅक्स ही पेढी उभी राहिली. पुढे कंपन्यांचे भाग जनतेस विकून त्यांना भांडवल उभारून देणे हे तिचे मोठे काम झाले.

या पेढीत १९०७ साली सिडनी वाइनबर्ग नावाचा एक मुलगा झाडलोट करणाऱ्या नोकराचा मदतनीस म्हणून लागला. त्याचा जन्म १८९१ सालचा, ब्रुकलिनमधील मोठ्या कुटुंबातला. शाळा लवकर सुटलेली. एका उंच इमारतीत वरच्या मजल्यापासून कचेरीमागून कचेरीत काम विचारीत तो खाली आला, तेव्हा ही नोकरी मिळाली. पिकदाण्या धुणे, भागीदारांच्या टोप्या झटकणे, अशी कामे त्याच्याकडे होती. पॉल सॅक्स या भागीदाराने त्याची हुशारी हेरली, त्यास टपालाचे काम दिले आणि पुढील शिक्षणाचा खर्चही सोसला. झाडू हाती घेऊन आलेला हा मुलगा १९२७ साली पेढीचा भागीदार झाला.

परंतु थोड्याच काळात पेढीवर संकट कोसळले. डिसेंबर १९२८ मध्ये पेढीने एक गुंतवणूक कंपनी काढून तिचे भाग १०४ डॉलरला विकले होते. पुढे एका भागाचे दोन करण्यात आले. १९२९ च्या मंदीनंतर, १९३२ साली, अशा भागाची किंमत सुमारे पावणेदोन डॉलर उरली! ज्यांनी पेढीच्या नावावर पैसा टाकला होता, त्यांचा विश्वास उडाला. १९३० साली प्रमुखपद हाती घेतलेल्या वाइनबर्ग यांच्या वाट्यास हे गेलेले नाव परत मिळविण्याचे काम आले.

दुसरा धडा त्यांना स्वतःलाच मिळाला. मॅकेसन अँड रॉबिन्स या औषधांच्या कंपनीचे ते संचालक होते. तिच्या अध्यक्षाने खोटे नाव धारण केले होते, हे १९३८ साली उघडकीस आले. ताळेबंदातील सुमारे ८ कोटी ७० लाख डॉलरच्या मालमत्तेपैकी जवळजवळ १ कोटी ९० लाखांचा माल व येणे केवळ कागदावर होते. कॅनडातील ज्या वखारींत माल असल्याची नोंद होती, तेथे तो नव्हताच. हिशेबतपासनिसांनी कागद पाहिले होते; माल पाहिला नव्हता. संचालकांनी तपासनिसांवर विश्वास ठेवला होता. या प्रकरणानंतर अमेरिकेत शिल्लक मालाच्या मोजणीस तपासनिसाने हजर राहावे आणि येण्याची खातरजमा ऋणकोकडून करून घ्यावी, अशी पद्धत रूढ झाली. वाइनबर्ग यांनीही संचालकाच्या कर्तव्याचा विचार अधिक काटेकोरपणे केला व १९४९ साली ‘हार्वर्ड बिझनेस रिव्ह्यू’ या नियतकालिकात त्यावर लेख लिहिला.

दुसऱ्या महायुद्धात त्यांनी युद्धोत्पादन मंडळावर वर्षास एक डॉलर एवढ्या नाममात्र वेतनावर काम केले. पुढे जानेवारी १९५६ मध्ये फोर्ड मोटार कंपनीचे भाग प्रथमच जनतेस विकण्यात आले. या व्यवहाराची आखणी करण्यासाठी फोर्ड कुटुंबाने वाइनबर्ग यांनाच सल्लागार नेमले होते. फोर्ड प्रतिष्ठानाजवळील १ कोटी २ लाख भाग प्रत्येकी साडेचौसष्ट डॉलरला विकले गेले. सुमारे ६५ कोटी ८० लाख डॉलरची ही भागविक्री तोपर्यंतची सर्वांत मोठी ठरली. ज्या पेढीचे नाव पंचवीस वर्षांपूर्वी बाजारात काढवत नव्हते, तिचा प्रमुख आता फोर्ड घराण्याच्या विश्वासास पात्र झाला होता. १९६९ साली मृत्यू येईपर्यंत ते प्रमुखपदी राहिले.

‘लाख जावे, पण साख राहावी’ ही शिकवण आपण घराघरांतून ऐकत आलो आहोत. वाइनबर्ग यांचे चरित्र तिला एक पुस्ती जोडते. दुसऱ्यावर विश्वास ठेवावाच, कारण त्यावाचून व्यापार चालत नाही. मात्र जेथे आपल्या नावावर दुसऱ्याचा पैसा लागला आहे, तेथे पाहणीचे काम सर्वस्वी परक्यावर सोपवू नये. वर्षअखेर वहीतील आकडा जुळला म्हणून समाधान न मानता जो व्यापारी स्वतः वखारीत उभा राहून पोती मोजतो, तो आपल्या मुनिमावर अविश्वास दाखवीत नाही. आपल्या नावाची राखण करतो.