गाड्यामागचा माणूस : खाद्यफेरीचा एक अभ्यास

'खाणे हा काय अभ्यासाचा विषय झाला?' वार्षिकांकासाठी लेखाचा विषय सांगितला, तेव्हा एका वर्गमैत्रिणीने विचारलेला हा प्रश्न. तिचा दोष नाही. इतिहासाच्या पुस्तकात आपण लढाया वाचतो, अर्थशास्त्राच्या तासाला मागणी-पुरवठ्याच्या रेषा काढतो. पण रोज सायंकाळी ज्या गाड्यापुढे उभे राहून आपण भेळ खातो, तो गाडा तेथे कसा आला हे कोणत्याच प्रश्नपत्रिकेत विचारले जात नाही. गेल्या दिवाळीच्या सुट्टीत सांगलीचे आम्ही सहा विद्यार्थी मुंबईतील एका खाद्यफेरीत सामील झालो. तेथे जे खाल्ले त्यापेक्षा जे खाता खाता ध्यानात आले, तेच अधिक मोलाचे वाटले. त्याची मांडणी करण्याचा हा अल्पसा प्रयत्न आहे.

खाद्यफेरी म्हणजे काय?

मोठ्या शहरांतून अलीकडे चांगलाच रुळलेला हा प्रकार आहे. आठ-दहा जणांचा गट, एक जाणता वाटाड्या, दोन-तीन तासांची पायपीट आणि वाटेत सात-आठ थांबे, असे त्याचे साधारण स्वरूप असते. प्रत्येक थांब्यावर एखादा पदार्थ चाखायचा, त्याची हकीकत ऐकायची आणि पुढची वाट धरायची. पहिल्याच गाड्यावर पोट भरले की फेरी संपली असे समजावे! म्हणून एक बशी दोघातिघांत घ्यायची, हा पहिला नियम. जेथे गिऱ्हाइकांची वर्दळ आहे तेथे खावे, कारण तेथला माल पडून राहत नाही; कढईतून किंवा तव्यावरून डोळ्यांदेखत उतरलेलेच घ्यावे, हा दुसरा. नवख्या माणसाची भीड मोडते, अनोळखी गल्लीत शिरण्याचा धीर येतो, हा या फेरीचा मोठाच लाभ म्हटला पाहिजे.

आमची फेरी

महालक्ष्मी एक्स्प्रेसने रात्री सांगली सोडली आणि सकाळी आम्ही दादरला उतरलो. फेरी सायंकाळची होती. दादर स्थानकाजवळून निघायचे, हिंदमाता, परळ, भारतमाता चित्रपटगृह असे करीत लालबागच्या चिवडा गल्लीत आणि मिरची गल्लीत थांबायचे, असा बेत. आम्हा सहांशिवाय आणखी चौघे होते. वाटाड्या तरुण, हुशार आणि बोलका होता.

पहिला थांबा अर्थातच वडापावाचा. १९६६ च्या सुमारास दादर स्थानकाबाहेर अशोक वैद्य यांनी वडा आणि पाव एकत्र विकायला सुरुवात केली असे मानले जाते, ही माहिती त्याने दिली. 'पाव' आणि 'बटाटा' हे दोन्ही शब्द आपल्याकडे पोर्तुगिजांकडून आले, आणि मिरचीही त्यांच्याच गलबतांतून अमेरिकेहून आली, हेही त्याने सांगितले. म्हणजे ज्याला आपण अस्सल मराठमोळा म्हणून मिरवतो, त्या वडापावातील पाव, बटाटा आणि मिरची या तिन्ही वस्तू साडेपाचशे वर्षांपूर्वी महाराष्ट्रात नव्हत्या. उरले काय, तर बेसन, लसूण आणि हळद! हळदीचे नाव निघताच आम्ही सांगलीकरांनी माना ताठ केल्या, हे सांगायला हरकत नाही.

माहिती चोख होती. पण पदार्थ कोणी काढला आणि कोठून आला एवढ्यावर हकीकत थांबत होती. हा पदार्थ याच ठिकाणी, याच रूपात का रुजला, हा प्रश्न शिल्लकच राहिला. त्याचे उत्तर शोधण्यासाठी थोडे मागे जावे लागेल.

घड्याळ आणि घास

१८५६ साली ताडदेवला मुंबईतील पहिली गिरणी सुरू झाली आणि पुढच्या काही दशकांत परळ-लालबागचा परिसर 'गिरणगाव' बनला. या गिरण्यांना माणसे पुरविली ती कोकणाने आणि घाटमाथ्यावरच्या दुष्काळी मुलखाने. माण, खटाव, आटपाडी, जत या तालुक्यांत पावसाने तोंड फिरविले की मुंबईची वाट धरायची, ही रीतच पडून गेली होती. १९४९ पर्यंत सातारा आणि सांगली हे बहुतांशी एकाच जिल्ह्याचे भाग होते. विभाजनानंतर झालेल्या 'दक्षिण सातारा' जिल्ह्याला १९६० मध्ये सांगली हे नाव मिळाले. कागदावरची ही वाटणी दुष्काळाला अर्थातच ठाऊक नव्हती.

माझे आजोबा माण तालुक्यातून असेच गेले. बायकापोरे गावी, आणि परळच्या एका खोलीत दहा-बारा गडी. जेवण खानावळीत. ही खानावळ म्हणजे पाटी लावलेले दुकान नव्हे. चाळीतलीच एखादी बाई आपल्या चुलीवर पंधरा-वीस जणांचे रांधायची आणि पगार झाला की पैसे घ्यायची. तोवर किराणा उधारीवर, आणि उधारी फेडण्यासाठी सावकाराचे व्याज. याच बायकांना एकत्र करून, बँकेचे कर्ज मिळवून देऊन सावकाराच्या कचाट्यातून सोडविण्यासाठी प्रेमाताई पुरव यांनी १९७५ साली अन्नपूर्णा महिला मंडळाची स्थापना केली. २००२ साली त्यांना पद्मश्री मिळाली.

गिरण्या पाळ्यांवर चालत. पाळी सुटली की हजारो माणसे एकदम रस्त्यावर येत आणि दुसरी हजारो आत जात. अशा वेळी ताट-वाटी मांडून बसायला सवड कोणाला? हातात मावणारा, चालता चालता संपणारा, पोटाला आधार देणारा आणि खिशाला झेपणारा घास हवा होता. वडापाव मुंबईत रुजला तो चवीमुळे खराच, पण त्याहून अधिक शहराच्या घड्याळामुळे, असे म्हटल्यास वावगे ठरणार नाही.

पुढे १८ जानेवारी १९८२ रोजी डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली संप सुरू झाला. सुमारे अडीच लाख कामगार त्यात उतरले. संप मोडला, बहुतेक गिरण्याही पुन्हा पूर्वीसारख्या उभ्या राहिल्या नाहीत. ज्यांचा पगार गेला त्यांच्यापैकी कित्येकांच्या घरच्या बायकांनी कढई चढविली. खाणारी घरेच आता विकणारी झाली.

वहीतला हिशोब

परळजवळ एका वड्याच्या गाड्यापाशी मी उभी होते. गाडीवाले काका साठीच्या घरातले. आमचे बोलणे ऐकून त्यांनी विचारले, "कुठलं गाव म्हनायचं, पोरी?"

"सांगलीला असते. मूळचं माण."

"मग शेजारचीच की. आमी खटावचं."

त्यांचे वडील गिरणीत होते. संपात घर बसले, तेव्हा आईने चाळीच्या दारात वडे तळायला घेतले. गाडा नंतर आला. वाटाड्या हे सारे ऐकत होता. काका त्याला हसून म्हणाले, "तीन वर्सं तुमी मानसं आनताय, पन आजवर इचारलं कुनी न्हाई." वाटाड्याचा चेहरा क्षणभर उतरला. मग त्याने खिशातली वही काढली आणि काकांना पहिल्यापासून पुन्हा सांगायला लावले.

रात्री आम्ही हिशोब मांडला. विद्यार्थी म्हणून सवलत धरूनही माणशी हजार रुपये आम्ही दिले होते. दहा जणांचे दहा हजार झाले असे धरले, तर सर्व थांब्यांवर मिळून खाण्याचा खर्च दोन हजारांच्या आतबाहेर. आमच्यातील एकाला ही सरळ लूट वाटली. दुसऱ्या दिवशी आम्ही वाटाड्याला फोन करून तसे विचारलेही. तो रागावला नाही. वाट शोधायला आणि ओळखी जोडायला आपल्याला कित्येक महिने लागले, महिन्यातून अनेकदा फेरी भरतच नाही, आणि सांगण्याच्या कामाचेही मोल असते, असे त्याचे म्हणणे. ते खोटे नाही. प्राध्यापकांच्या पगाराला आपण लूट म्हणत नाही! परंतु ज्याची हकीकत सांगून पैसे मिळतात, त्याला वड्याच्या किमतीपलीकडे काय मिळाले, हा प्रश्न तरीही उरतोच.

पाच प्रश्न

या अनुभवावरून आम्ही खाद्यफेरीसाठी पाच प्रश्न ठरविले. ते येथे देतो. कोणत्याही गावी त्यांचा उपयोग व्हावा.

१. वेळ : हा पदार्थ दिवसाच्या कोणत्या प्रहरी खपतो, आणि त्या वेळी कोणते काम सुटते किंवा सुरू होते?

२. हात : तो कोण करतो? कोठून आला, कोणाकडून शिकला? घरी बसून कांदा-मिरची चिरणारे हात कोणाचे?

३. माल : पीठ, तेल, मिरची, पाव कोठून येतात? रोख की उधारीवर?

४. जागा : हा कोपरा कोणाचा? येथे उभे राहण्याची परवानगी आहे का?

५. हिशोब : गिऱ्हाइकाने दिलेला रुपया कोणाकोणात वाटला जातो?

चव हा सहावा प्रश्न; तो कोणालाही शिकवावा लागत नाही.

आपल्या गावी

परत आल्यावर हीच पद्धत आपल्याकडे लावून पाहावी असे ठरले. साताऱ्याच्या मित्राने राजवाड्यासमोरची चौपाटी आणि मोती चौकातील पेढ्यांची दुकाने घेतली. आम्ही सांगलीत मारुती चौकापासून गणपती मंदिर आणि कृष्णेच्या घाटापर्यंतची वाट धरली.

एक गोष्ट लगेच नजरेत भरली. मुंबईचा नावाजलेला पदार्थ जागच्या जागी, उभ्या उभ्या खायचा. आपले नावाजलेले पदार्थ कोणते? साताऱ्याचे कंदी पेढे आणि सांगलीचे भडंग. खवा तांबूस होईपर्यंत भाजला, त्यातले पाणी आटविले, की पेढा टिकतो. चिरमुऱ्यांना तेल, लसूण, तिखट, हळद आणि शेंगदाण्यांची फोडणी दिली, की भडंग कित्येक दिवस कुरकुरीत राहते. दोन्ही पदार्थ पिशवीत बांधून न्यायचे! मुंबई ही माणसे येण्याची जागा, तर आपला मुलूख माणसे पाठविण्याचा. म्हणून तिचा घास हातातला आणि आपला घास गाठोड्यातला, असा आमचा तर्क आहे. तो सर्वस्वी बरोबर असेलच असे नाही. परंतु आजोबांच्या ट्रंकेत कपड्यांच्या खाली भडंगाचा पुडा असे, हे आजीने सांगितले तेव्हा तर्काला थोडे बळ आले.

सांगलीच्या वाटेवर एक भेळेचा गाडा आम्हाला फार आवडला. जागेचे नाव मुद्दाम देत नाही. गाडा चालविणाऱ्या मावशींना आम्ही मोठ्या उत्साहाने सांगितले की, महाविद्यालयातर्फे फेरी काढणार आहोत, तुमचा थांबा पहिला. त्यांनी भेळ कालवीत शांतपणे उत्तर दिले :

"पोरं चांगली हायसा. पन चार मानसं जादा दिसली की डोळ्यावर येतंय. मग गाडा उचला म्हनत्यात. मला नगं त्या यादीत."

आम्ही निरुत्तर झालो. ज्या प्रसिद्धीला आपण मदत समजत होतो, तीच त्यांना धोक्याची वाटत होती! २०१४ साली संसदेने पथविक्रेत्यांच्या उपजीविकेच्या संरक्षणासाठी कायदा केला आहे. दर पाच वर्षांनी विक्रेत्यांची पाहणी करावी, विक्री प्रमाणपत्रे द्यावीत, शहराच्या लोकसंख्येच्या अडीच टक्क्यांपर्यंत विक्रेत्यांना सामावून घ्यावे, नगर पथविक्रेता समितीत किमान ४० टक्के प्रतिनिधी विक्रेत्यांचेच असावेत आणि त्यांत एकतृतीयांश स्त्रिया असाव्यात, अशा त्यातील तरतुदी. दुसऱ्या दिवशी हे सारे मावशींना समजावून सांगितले. त्यांनी लक्षपूर्वक ऐकून घेतले आणि एकच विचारले, "त्यो कागद माझ्याकडं हाय का?" नव्हता. आमचा पाचांपैकी चौथा प्रश्न त्यांनी एका वाक्यात आमच्यावरच उलटविला.

समारोप

मावशींचा गाडा आम्ही यादीतून काढला आहे. प्रमाणपत्रासाठी काय काय लागते याची विचारपूस चालू आहे. तो कागद हातात आल्यावर त्या स्वतः हो म्हणाल्या, तरच त्यांचे नाव पुन्हा घालायचे. उरलेल्या प्रत्येक थांब्यावर आधी संमती घ्यायची, हकीकत विक्रेत्यानेच सांगायची, आणि फेरीची वर्गणी ठेवलीच तर तिच्यातील वाटा त्याला द्यायचा, असे ठरले आहे. यामुळे फेरी लहान झाली. अकरा थांब्यांपैकी सहाच उरले.

परंतु विचार करता असे वाटते की, या सहा थांब्यांवर आम्हाला सहा शिक्षक मिळाले आहेत. पुस्तक वाचताना लेखकाचे नाव आपण आधी पाहतो. शहर वाचताना मात्र ते लिहिणाऱ्याचे नाव विचारायला विसरतो. वाचकहो, उद्या सायंकाळी नेहमीच्या गाड्यापुढे उभे राहाल तेव्हा तिखट किती हे सांगून झाल्यावर आणखी एक प्रश्न विचारून पाहा : "मावशी, तुमचं गाव कुठलं?" उत्तर ऐकायला मात्र थोडी सवड काढून जा.